प्रबोधनकाळातील स्त्रिया गेल्या कुठे? फ्लॉरेन्समधील एका पायी फेरीच्या निमित्ताने

इटलीच्या सहलीत फ्लॉरेन्सच्या वाट्याला बहुधा एकच दिवस येतो. मायकेलअँजेलोचा दाविद, उफीझी कलादालनातील बोत्तिचेल्लीची व्हीनस, कॅथीड्रलचा घुमट आणि चामड्याच्या वस्तूंचा बाजार एवढे उरकून बस पुढच्या शहराकडे निघते. अलीकडे मात्र याच शहरात वाटाड्यासह होणाऱ्या काही निराळ्या पायी फेऱ्या निघू लागल्या आहेत आणि त्यांचा विषय असतो प्रबोधनकाळातील दुर्लक्षित स्त्रिया. हे वाचून अनेकांना प्रश्न पडतो, की अशा स्त्रिया होत्या तरी किती आणि होत्या तर आजवर त्यांचे नाव कानावर कसे आले नाही? या प्रश्नाचे उत्तर केवळ कलेच्या इतिहासात सापडत नाही. त्यासाठी हुंडा, मठ, कर आणि कायदा यांच्या कागदपत्रांत शिरावे लागते.

प्रबोधनकाळ म्हणजे ढोबळमानाने चौदाव्या ते सोळाव्या शतकांतील तो काळ, ज्यात इटलीतील व्यापारी शहरांत प्राचीन ग्रीक-रोमन विद्येचा नव्याने अभ्यास सुरू झाला आणि चित्रकला, शिल्पकला, वास्तुकला यांना नवे वळण लागले. फ्लॉरेन्स हे त्याचे एक प्रमुख केंद्र होते आणि तिथला पैसा लोकर, रेशीम व सावकारी यांतून आलेला होता. हा पैसा कुटुंबांमध्ये कसा फिरत असे हे कळले, की स्त्रिया कुठे गेल्या हेही बरेचसे कळते.

सुरुवात पुतळ्यांपासून

फेरीची सुरुवात उफीझीच्या लांबट चौकात करणे सोयीचे ठरते. दोन्ही बाजूंच्या खांबांमधील कोनाड्यांत तस्कनी प्रांतातील थोर व्यक्तींचे 28 पुतळे उभे आहेत. दान्ते, जॉत्तो, लिओनार्दो, माकियाव्हेल्ली, गॅलिलिओ अशी ती मालिका आहे आणि तिच्यात एकही स्त्री नाही. लक्षात घेण्याची गोष्ट अशी, की हे पुतळे प्रबोधनकाळात नव्हे, तर एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात बसवले गेले. थोर कोणाला म्हणायचे हे ठरवणारी मंडळी त्या काळापासून तीनशे वर्षे दूर होती.

म्हणून दुर्लक्षाचे दोन थर वेगळे करून पाहावे लागतात. पहिला थर त्या काळातील स्त्रीच्या जगण्याचा आहे. तिला काय शिकता येत होते, काय विकता येत होते आणि कशावर सही करता येत होती, हे प्रश्न त्यात येतात. दुसरा थर नंतरच्या लोकांनी काय जपले आणि काय माळ्यावर टाकले याचा आहे. बहुतेक लेखांत हे दोन्ही थर एकमेकांत मिसळतात आणि मग सगळा दोष ‘जुन्या काळावर’ टाकून मोकळे होता येते.

पहिल्या थराविषयीचा सर्वांत नेमका प्रश्न जोन केली या अमेरिकन इतिहासकार स्त्रीने 1977 मध्ये विचारला, तो असा, की स्त्रियांच्या वाट्याला प्रबोधन आले का? तिचे उत्तर बहुतांशी नकारार्थी होते. पुरुषांसाठी ज्या काळात दारे उघडत होती, त्याच काळात त्याच वर्गातील स्त्रियांसाठी ती आकसत गेली, असे तिचे म्हणणे होते. नंतरच्या अभ्यासकांनी तिच्या मांडणीत बऱ्याच दुरुस्त्या सुचवल्या, परंतु तिचा प्रश्न कोणालाही बाजूला ठेवता आलेला नाही.

फ्लॉरेन्सचा कायदा तिच्या बाजूने साक्ष देतो. तिथे स्त्रीला करार करायचा असेल, तर एका पुरुष पालकाची संमती लागे. या पालकाला ‘मुंदुआल्दो’ म्हणत. वडील नसतील तर पती, तोही नसेल तर त्या कामापुरता नेमलेला एखादा पुरुष चालत असे. विधवेच्या हाती मालमत्ता असली, तरी कागदावर तिच्या नावाशेजारी कोणीतरी उभा असेच.

हुंड्याचा सरकारी निधी

उफीझीपासून थोड्या अंतरावर, व्हिया तोर्नाबुओनी या आजच्या महागड्या दुकानांच्या रस्त्यावर स्त्रोत्सी प्रासाद आहे. फिलिप्पो स्त्रोत्सी या सावकाराने 1489 मध्ये त्याची पायाभरणी केली असे मार्गदर्शक पुस्तिका सांगतात. ज्या घराण्याला राजकीय वैरातून देशोधडीला लागावे लागले होते, ते पुन्हा उभे राहीपर्यंत शहरात टिकवून कोणी धरले, याविषयी त्या सहसा गप्प असतात.

ते काम फिलिप्पोच्या आईने, आलेस्सान्द्रा माचिंगी स्त्रोत्सी हिने केले. पतीला 1434 मध्ये हद्दपार करण्यात आले, पुढे लवकरच तो वारला आणि मुले परदेशी पेढ्यांवर कामाला गेली. फ्लॉरेन्समध्ये राहून कर भरणे, शेतजमिनी सांभाळणे, मुलींची लग्ने जुळवणे आणि राजकारणाचे वारे कुठे वाहतात ते मुलांना कळवणे, हे सारे ती करत राहिली. तिने मुलांना लिहिलेली 73 पत्रे टिकून आहेत आणि त्यांतील बहुतेक प्रथम 1877 मध्ये पुस्तकरूपाने छापली गेली.

त्यांतील पहिले पत्र ऑगस्ट 1447 मधील आहे. मुलगी कातेरिना हिचे लग्न मार्को पारेन्ती नावाच्या 25 वर्षांच्या रेशीम व्यापाऱ्याशी ठरल्याची बातमी ती नेपल्समध्ये असलेल्या फिलिप्पोला देते आणि लगोलग हिशोबाकडे वळते. हुंडा 1,000 फ्लोरिन, म्हणजे फ्लॉरेन्सची सोन्याची नाणी, ठरला आहे. त्यांपैकी 500 पुढच्या वर्षी मे महिन्यात सरकारी निधीतून मिळतील आणि उरलेले 500 रोख व कपडालत्ता मिळून तिला स्वतः द्यायचे आहेत. अधिक वजनदार घराण्यात मुलगी द्यायची, तर 1,400 ते 1,500 फ्लोरिन लागले असते आणि त्यात आपण सगळेच बुडालो असतो, असेही ती स्पष्ट लिहिते. बायको करणाऱ्याला पैसा हवा असतो, हे तिचे वाक्य आजही अनुभवी गृहिणीच्या तोंडी शोभेल. त्याच पत्रात जावयाने वधूसाठी किरमिजी मखमलीचा झगा शिवायला टाकल्याचे आणि लग्नानंतर मुलगी बाहेर पडेल तेव्हा तिच्या अंगावर 400 फ्लोरिनहून अधिक किमतीचा ऐवज असेल, याचे वर्णन आहे. आईचा आनंद आणि हिशोबनीसाची नजर एकाच परिच्छेदात एकत्र आली आहे.

या पत्रातील ‘सरकारी निधी’ नीट समजून घेतला पाहिजे, कारण पुढचे बरेच काही त्याच्याशी निगडित आहे. मिलानशी चाललेल्या युद्धामुळे शहराची तिजोरी रिकामी झाली होती. त्यावर उपाय म्हणून फ्लॉरेन्सच्या सरकारने 1425 मध्ये ‘मोन्ते देल्ले दोती’, म्हणजे हुंडानिधी, स्थापन केला. आपल्याकडे बँकेत मुलीच्या नावाने मुदत ठेव ठेवतात, तशीच ही सोय होती. वडील लहान मुलीच्या नावाने रक्कम भरत, साडेसात किंवा पंधरा वर्षांनी ती चढ्या परताव्यासह मिळे आणि मधल्या काळात सरकार तो पैसा वापरत असे. फरक एवढाच, की मुदत भरल्यावर पैसे मुलीच्या हाती न येता लग्नानंतर तिच्या नवऱ्याला मिळत.

या सोयीमुळे हुंड्याचा ताण कमी व्हायला हवा होता, पण हुंड्याच्या रकमा चढतच गेल्या. चार मुली असलेल्या प्रतिष्ठित घराला एकीसाठी किंवा फार तर दोघींसाठी तोलामोलाचे स्थळ परवडे. बाकीच्या मुलींसाठी ख्रिस्ती मठाचा मार्ग होता, कारण मठालाही हुंडा द्यावा लागत असला, तरी तो लग्नाच्या हुंड्याच्या मानाने बराच कमी असे.

मठाच्या भिंतीआड

मठ म्हटले, की वाचकाच्या मनात तुरुंग येतो आणि व्हिया गिबेल्लिना रस्त्यावरील ‘ले मुराते’ या वास्तूने तर ती कल्पना अक्षरशः खरी केली. ‘भिंतीत कोंडून घेतलेल्या’ अशा अर्थाचे हे नाव मिळालेल्या स्त्रियांचा छोटा समूह आधी आर्नो नदीवरील पुलावरच्या एका घरात राहत असे आणि 1424 मध्ये तो इथे आला. एकोणिसाव्या शतकात या मठाचे कारागृह झाले आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कैदी हलवल्यावर तिथे घरे, कॅफे व पुस्तकांचे दुकान आले.

तरीही केवळ तुरुंग म्हणून मठांकडे पाहणे अपुरे आहे. मुरातेमधील जोगिणी (नन) हस्तलिखितांच्या नकला करत आणि सोन्याच्या जरीचे भरतकाम करत. त्या कामाला बाजारात किंमत होती. शहराच्या दुसऱ्या टोकाला, व्हिया देल्ला स्काला रस्त्यावरील सान याकोपो दी रिपोली या मठात 1476 मध्ये छापखाना सुरू झाला. त्याच्या हिशोबवह्यांत खिळे जुळवणाऱ्या जोगिणींच्या नोंदी आहेत. युरोपात मुद्रणकला अवघी काही दशकांची असताना स्त्रिया अक्षरजुळणी करत होत्या, हे या फेरीतील मला सर्वांत विलक्षण वाटणारे तथ्य आहे आणि पर्यटक नेमके त्या रस्त्याने जात नाहीत.

लग्न झालेल्या स्त्रीच्या तुलनेत मठातील स्त्रीची स्थिती अनेक बाबतींत बरी होती. 1427 च्या करनोंदणीवरून दिसते, की फ्लॉरेन्समध्ये मुलींची लग्ने साधारण अठराव्या वर्षाच्या आसपास होत आणि नवरा तिशीचा असे. त्यानंतर बाळंतपणांची मालिका सुरू होई. मठातील स्त्रीला वाचायला शिकता येई, हिशोब सांभाळता येत आणि मठाधिपती म्हणून कारभारही पाहता येई. मात्र तिथे जाण्याचा निर्णय बहुधा तिचा नसे, ही बाब त्यामुळे सौम्य होत नाही.

प्लाउतिल्ला नेल्लीचे भोजनगृह

या सगळ्याचा परिपाक एका चित्रात पाहता येतो. ते सान्ता मारिया नोव्हेल्ला चर्चच्या संग्रहालयात आहे. येशू आणि त्याचे प्रेषित यांचे, सुमारे सात मीटर रुंदीचे हे ‘अखेरचे भोजन’ प्लाउतिल्ला नेल्ली हिने सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात आपल्या मठाच्या भोजनगृहासाठी कॅनव्हासवर रंगवले. तिचा जन्म 1524 चा. वयाच्या चौदाव्या वर्षी ती सान मार्को चौकाजवळच्या सान्ता कातेरिना मठात दाखल झाली, बहीणही तिथेच होती, आणि पुढे ती मठाधिपती झाली. तिला कोणत्याही चित्रशाळेत उमेदवारी करता आली नाही. फ्रा बार्तोलोमेओ या चित्रकाराची रेखाटने तिच्याकडे आली होती आणि त्यांवरून ती शिकली. हाताखाली इतर जोगिणींना घेऊन तिने काम उभारले आणि चित्रांचा पैसा मठाला मिळाला.

चित्राजवळ उभे राहिले, की आधी टेबल दिसते. पांढऱ्या कापडाला इस्त्रीच्या घड्यांच्या रेघा आहेत. पाव, कोकराचे मांस, हिरवा पाला आणि वालाच्या जातीच्या शेंगा मांडल्या आहेत. रोज पंगत वाढणाऱ्या बाईनेच हे टेबल रंगवले आहे, याबद्दल शंका राहत नाही. एका कोपऱ्यात तिची सही आहे आणि तिच्यासोबत एक लॅटिन विनंती आहे, की या चित्रकर्तीसाठी प्रार्थना करा. त्या काळात जोगिणीने एवढ्या मोठ्या चित्रावर स्वतःचे नाव घालणे हे किरकोळ धाडस नव्हते.

मग ही चित्रे दिसेनाशी का झाली?

इथे दुसरा थर सुरू होतो. चित्र मठाच्या आतल्या भागात असे आणि आतल्या भागात बाहेरच्यांना मज्जाव असे. कॅथलिक चर्चच्या ट्रेंट येथील धर्मपरिषदेने 1563 मध्ये हे निर्बंध आणखी कडक केले. पुढे नेपोलियनच्या राजवटीत, एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात, मठ बरखास्त झाले आणि त्यांतील वस्तू चर्च, गोदामे व खासगी संग्रहांत विखुरल्या. कुठली वस्तू कोणत्या भिंतीवरची, याच्या नोंदी त्या हलवाहलवीत तुटल्या. ज्या चित्रकाराची चित्रशाळा, शिष्य आणि चरित्र प्रसिद्ध होते, त्याची कृती पुन्हा ओळखता आली. ज्या चित्रकर्तीची ओळख केवळ तिच्या मठाशी बांधलेली होती, तिची ओळख मठाबरोबर संपली.

नेल्लीचे चित्र नशीबवान ठरले. दीर्घकाळ अडगळीत आणि नंतर मठवासीयांच्या खासगी भोजनगृहात राहिल्यावर, फ्लॉरेन्समध्ये स्त्री-चित्रकारांची कामे शोधून दुरुस्त करणाऱ्या एका संस्थेने ते हाती घेतले. खर्चासाठी लोकवर्गणी गोळा झाली. चित्रातला एकेक प्रेषित देणगीदारांनी ‘दत्तक’ घेतला. चार वर्षांच्या दुरुस्तीनंतर 2019 मध्ये ते लोकांसमोर आले.

आजचे विचार जुन्या काळावर लादले जातात का?

हा आक्षेप हमखास येतो आणि त्यात तथ्य असू शकले असते. पण इथे तो टिकत नाही, कारण नेल्लीच्या हयातीतच तिच्या मर्यादांचे कारण एका पुरुषाने लिहून ठेवले. जॉर्जो वासारी हा चित्रकार, वास्तुकार आणि कलावंतांचा चरित्रकार. ज्या उफीझीच्या चौकात आपण सुरुवात केली, ती इमारत त्याच्याच आराखड्यानुसार बांधलेली आहे. त्याने 1568 मध्ये म्हटले, की पुरुषांना जशी अभ्यासाची आणि जिवंत नमुन्यावरून रेखाटन करण्याची सोय असते तशी हिला मिळाली असती, तर हिने अद्भुत काम केले असते. तिच्या चित्रांतील स्त्रिया पुरुषांपेक्षा चांगल्या उतरतात, कारण स्त्रिया तिला हव्या तितक्या पाहता येत, असेही त्याने नोंदवले. एवढे समजणाऱ्या वासारीने तिला स्वतंत्र प्रकरण मात्र दिले नाही. बोलोन्याची शिल्पकार प्रोपेर्त्सिया दे रोस्सी हिच्या चरित्रात त्याने नेल्ली, चित्रकार सोफोनिस्बा आंग्विस्सोला आणि इतर जणींना एकत्र बसवून टाकले.

आणि चित्रे खरोखर चांगली आहेत का?

नेल्ली ही लिओनार्दो नव्हे, हे मान्य करायला हरकत नाही. तिचे प्रेषित काहीसे बायकी चेहऱ्याचे आहेत आणि हातापायांच्या ठेवणीत अवघडलेपणा आहे. शरीररचनेचा अभ्यास नग्न पुरुष नमुन्यावरून होत असे आणि ती वाट तिला बंद होती. दर्जाचा प्रश्न विचारणे गैर नाही, परंतु स्पर्धा कोणत्या अटींवर झाली हे वगळून तो विचारता येत नाही.

काही फेऱ्यांत मुरातेच्याच रस्त्यावरील ‘कासा बुओनार्रोती’ या मायकेलअँजेलोच्या घराण्याच्या वास्तूत नेऊन आर्तेमिझिया जेंतिलेस्कीने रंगवलेले छतचित्र दाखवतात. आर्तेमिझिया 1616 मध्ये फ्लॉरेन्सच्या कला-अकादमीत प्रवेश मिळवणारी पहिली स्त्री ठरली. पण ती प्रबोधनकाळानंतरची आहे आणि आज इतकी प्रसिद्ध आहे, की तिला दुर्लक्षित म्हणणे केवळ सवयीचा भाग वाटतो. छतावरील तिच्या नग्न आकृतीवर पुढे त्याच शतकात दुसऱ्या चित्रकाराकडून वस्त्र रंगवून घेण्यात आले, ही गोष्ट मात्र आपल्या विषयाला धरून आहे.

मेदिची घराण्यातील स्त्रियांचे काय?

सत्ताधारी घराण्यातील स्त्रियांना वाव होता, हे खरे. लोरेन्झो दे मेदिचीची आई लुक्रेत्सिया तोर्नाबुओनी धार्मिक काव्य रचत असे. 1467 मध्ये रोमला जाऊन तिने मुलासाठी वधू पाहिली आणि तिच्या उंचीपासून चालण्यापर्यंतचे निरीक्षण पतीला पत्राने कळवले. कातेरिना दे मेदिचीचे बालपण काही काळ मुराते मठात गेले आणि पुढे ती फ्रान्सची राणी झाली. मात्र ही उदाहरणे नियम दाखवत नाहीत. पैसा आणि घराणे यांच्या जोरावर कायद्याच्या भिंती किती वाकवता येत, एवढेच ती दाखवतात.

एक अपवाद काळाच्या चौकटीबाहेरचा असूनही सांगण्याजोगा आहे. सान लोरेन्झो चर्चजवळ आन्ना मारिया लुईझा हिचा पुतळा आहे. मेदिची घराण्याची ती अखेरची वारस. घराणे संपणार हे दिसताच तिने 1737 मध्ये नव्या राजघराण्याशी करार केला, की मेदिचींचा सारा कलासंग्रह फ्लॉरेन्समधून हलवता येणार नाही. ज्या उफीझीसमोर 28 पुरुष उभे आहेत, तिच्या आतला संग्रह आन्ना मारिया लुईझामुळे जागेवर आहे. गोव्याला गेलेल्या मराठी वाचकाने तिच्या वडिलांची भेट पाहिलेली असेल. जुन्या गोव्यातील बॉम जेझू बॅसिलिकेत संत फ्रान्सिस झेवियरची शवपेटी ज्या संगमरवरी चौथऱ्यावर आहे, तो तिसऱ्या कोसिमोने फ्लॉरेन्समध्ये घडवून पाठवला आणि 1698 मध्ये तो तिथे बसवला गेला.

ज्यांनी काहीच रंगवले नाही

आतापर्यंतच्या बहुतेक स्त्रिया लिहिणाऱ्या, रंगवणाऱ्या किंवा धनिक घरातल्या होत्या. फेरी इथेच थांबली, तर ती 28 पुरुषांच्या जागी आठ-दहा थोर स्त्रिया बसवण्यापलीकडे जात नाही. म्हणून सांतिस्सिमा आनुन्त्सियाता चौकातील ‘इनोचेन्ती’ या अनाथालयासाठी वेळ राखून ठेवावा.

वास्तुकार ब्रुनेलेस्कीने 1419 मध्ये आराखडा केलेली ही इमारत वास्तुकलेच्या पुस्तकांत तिच्या कमानींसाठी येते. तिचा खर्च रेशीम व्यापाऱ्यांच्या संघाने उचलला आणि 1445 मध्ये ती उघडली. पहिले मूल 5 फेब्रुवारीला आले आणि ती मुलगी होती. तो दिवस संत आगाताचा असल्याने तिचे नाव आगाता स्मेराल्दा ठेवले गेले. टाकून दिलेल्या मुलांत मुलींची संख्या अधिक असे आणि हुंड्याचा हिशोब वाचल्यावर त्याचे कारण वेगळे सांगायला नको. कमानींच्या डाव्या टोकाला जाळीची खिडकी आहे. नवजात मूलच आत जाऊ शकेल इतपतच जाळीतून वाट होती आणि 1875 पर्यंत ती वापरात होती.

या मुलांच्या जन्मदात्या कोण होत्या? काही गरीब घरांतल्या होत्या आणि काही गुलाम. 1348 च्या प्लेगने मनुष्यबळ घटल्यावर फ्लॉरेन्सने 1363 मध्ये ख्रिस्ती नसलेल्या गुलामांच्या आयातीला परवानगी दिली. काळ्या समुद्राच्या बाजूने आणलेल्या तार्तार व चेर्केस मुली घरकामासाठी विकत घेतल्या जात. घरमालकापासून त्यांना झालेली मुले अनेकदा अनाथालयात पोहोचत आणि अशा आईला दुसऱ्याच्या मुलाला दूध पाजणारी दाई म्हणून भाड्याने देऊन मालक त्यावरही पैसा मिळवी. आलेस्सान्द्रा स्त्रोत्सीच्या घरातही कातेरूच्चा नावाची गुलाम स्त्री होती. मुलांना लिहिलेल्या पत्रांत आलेस्सान्द्रा तिच्या तापट स्वभावाच्या तक्रारी करते. कातेरूच्चाचे म्हणणे कोणी लिहून घेतले नाही.

इनोचेन्तीच्या दप्तरात मुलांबरोबर दायांच्याही नोंदी आहेत, कारण आसपासच्या खेड्यांतील या बायकांना संस्था दूध पाजण्याचे वेतन देत असे. पैसे द्यायचे असल्यामुळे ती नोंद ठेवावीच लागे.

प्रत्यक्ष जाणाऱ्यांसाठी एक सूचना करावीशी वाटते. सान्ता मारिया नोव्हेल्लाचे तिकीट चर्च आणि संग्रहालय या दोन्हींसाठी चालते, तरी बहुतेक गट चर्चमधील भित्तिचित्रे पाहून परत फिरतात. नेल्लीचे चित्र संग्रहालयाच्या बाजूला आहे, हे वाटाड्याला आधीच सांगून ठेवावे. मुरातेच्या अंगणांत जायला तिकीट लागत नाही. इनोचेन्तीच्या संग्रहालयाला मात्र किमान दोन तास द्यावेत आणि दाविदसमोरच्या रांगेत सकाळ जाणार असेल, तर या जागा दुसऱ्या दिवसावर ठेवणे बरे.